हमीदभाई कायमचे आले

आमच्या मोहल्ल्यात आखातातून आलेल्या माणसाला पहिला प्रश्न असतो 'कवा आलास' आणि दुसरा 'कवा जानार'. तब्येत, पोरंबाळं, सगळं त्यानंतर. हमीदभाईंनी शेवटच्या खेपेला दुसऱ्या प्रश्नाचं जे उत्तर दिलं, ते ऐकून नाक्यावरच्या टपरीतल्या माणसांनी हातातले कप खाली ठेवले म्हणे. "आता नाय जानार," ते म्हणाले. "कायमचा आलोय. आता सुखात र्‍हायचा."

सुख या शब्दाची मला चीड आहे. नर्स म्हणून इथल्या उपकेंद्रात माझा उभा जन्म गेला. ताप, जुलाब, बाळंतपण यांना औषध असतं, औषध नसलं तर निदान नाव असतं. सुखाचं तसं नाही. ज्यांनी ज्यांनी म्हणून सुखात राहायचं ठरवलं, त्यांच्या घरी मला पुढे प्रेशर तपासायचं मशीन घेऊन जावं लागलेलं आहे. हमीदभाईंचं बोलणं कानावर आलं तेव्हाच माझ्या मनात आलं की आता या घरी आपल्या फेऱ्या वाढणार.

मी मोहल्ल्यातली नव्हे, रस्त्यापलीकडची. देव वेगळे, सण वेगळे. पण इथल्या निम्म्या पोरांच्या नाळा मी कापल्यात, त्यामुळे मला कुठलं दार बंद नाही. बायका मला बाई समजतात आणि पुरुष मला अर्धा पुरुष समजतात. म्हणून दोन्ही बाजूंचं ऐकून घ्यायचं माझ्या नशिबी आलं.

हमीदभाई मिसरूड फुटल्यावर थोड्याच दिवसांत सौदीतल्या दम्मामला गेले. तिथं पाण्याचा टँकर चालवायचे. उमेदीची सगळी वर्षं त्या टँकरच्या केबिनमध्ये गेली. एका खोलीत सहा-सात जण, लोखंडी पलंगावर पलंग, आणि दर दोन वर्षांनी दोन महिने रजा. त्या रजांमध्येच जन्नतशी लग्न झालं, पोरं झाली, आई गेली, बाप गेला आणि चिऱ्याच्या जुन्या घराच्या जागी स्लॅबचं घर उभं राहिलं. पुढच्या व्हरांड्यात वेताच्या दोन खुर्च्या टाकलेल्या होत्या. त्यांनी त्या मुद्दाम मुंबईहून आणवल्या होत्या. फोनवर मला एकदा म्हणाले होते, "नर्सबाई, मना जास्त काय नको. त्या खुर्चीवर मी, बाजूला जन्नत, समोर खाडी, हातात चाय. बास." माणूस वाईट नाही हो. कधी दारू नाही, बायकोवर कधी हात नाही, घरी पैसे पाठवण्यात एक महिना खाडा नाही. म्हणून तर जास्त राग येतो. वाईट माणसाचं असं झालं असतं तर मी चार शब्द बोलून मोकळी झाले असते.

रजेतलं त्यांचं घर मी पाहिलेलं आहे. त्या दोन महिन्यांत बांगड्याला घरात मज्जाव. पापलेट, सुरमई, मोठी कोळंबी. सकाळी खापरोळ्या, शुक्रवारी सांदणं, दर दोन दिवसांनी कुणी ना कुणी पाहुणे. जन्नत नवे कपडे घालून, डोळ्यांत सुरमा घालून घरभर भिरभिरत असायची. नवऱ्याने पाणी मागायच्या आत पाणी हजर. आणि विमानाला सोडायला मुंबईला जाणारी गाडी वळणाआड गेली की आत येऊन नवे कपडे घडी करून कपाटात ठेवायची, जुना गाऊन चढवायची आणि कुळथाची पिठी शिजत टाकायची. पिठी खाताना तिचा चेहरा कसा सैल पडायचा, ते मी बघितलंय. हमीदभाईंनी ते कधीच बघितलं नव्हतं, कसं बघणार? ते गाडीत असायचे.

त्यांची चूक ती हीच. रजेत दिसणारं घर म्हणजेच आपलं घर, असं ते धरून चालले. आमच्याकडचा आखातातला प्रत्येक माणूस ही चूक करतो आणि त्या चुकीवरच तिथली सगळी वर्षं काढतो. ती केली नाही तर काढवणार नाहीत, हेही मला कळतं.

आता मागच्या पडवीचं सांगते. सासू-सासरे गेले, मुलगा झुबेर शिकून कतारला लागला, मुलगी झारा दाभोळला दिली आणि जन्नत त्या घरात एकटी राहिली. पुरुष माणूस नसलेलं घर. दुपारची जोहरची नमाज झाली की एकेक बाई मागीलदारच्या वाटेने तिच्या पडवीत यायची. फिजा यायची, तिचा नवरा मस्कतला. दोघी-तिघी शेजारणी, त्यांचे नवरे कुवेतला नाहीतर बोटीवर. मासे घेऊन फिरणारी सगुणाही टोपली रिकामी झाली की तिथंच टेकायची. कुणी कोळंबी सोलतंय, कुणी तांदूळ निवडतंय, कुणी नुसतीच आडवी झालीय. डोक्यावरचे पदर, ओढण्या खांद्यावर. तिथं काय बोलणं चालायचं ते मी इथं लिहिणार नाही, पण बाळंतपणं करून निर्ढावलेली मीसुद्धा कधीकधी लाजायची. सासवांची उणीदुणी, नवऱ्यांच्या फोनवरच्या खोट्या आजारपणाच्या गोष्टी, आणि मधूनच एखादीचं रडं. रडणारीला कुणी समजावत नसे. तिच्यापुढची कोळंबी दुसरी ओढून घ्यायची आणि सोलायची. दिवस कलताना असरची अजान झाली की सगळ्या उठून आपापल्या घरी.

तिथं येण्याचा नियम कुणी घालून दिलेला नव्हता, पण सगळ्यांना माहीत होता. घरात पुरुष नसेल तरच यायचं. कुणाचा नवरा रजेवर आला की त्या घरी दोन महिने कुणी फिरकायचं नाही. नवरा गेला की परत. हमीदभाईंच्या रजेतही पडवी ओस पडायची. पण दोन महिने म्हणजे काय, बायका कळ काढायच्या.

तर असे हमीदभाई कायमचे आले. पहिले दोन महिने रजेसारखे गेले. तीच सुरमई, तेच पाहुणे. तिसऱ्या महिन्यात पाहुणे संपले. चौथ्यात बांगडा आला. हमीदभाई ताटाकडे बघत राहिले, मग जेवले. जन्नतच्या पायाला सूज यायला लागली होती. माणसाने जन्मभर सणासारखं रांधायचं म्हटलं तर पाय सुजणारच. सकाळी वेताच्या खुर्चीवर दोघं चहाला बसत. चहा संपला की जन्नत उठायची. "बस ना," ते म्हणायचे. ती परत बसायची. समोर खाडी. दोघांनी मिळून खाडीकडे बघायचं. लग्न झाल्यापासून एवढा वेळ ती दोघं एका जागी कधी बसलीच नव्हती, त्यामुळे बोलायचं काय ते दोघांनाही सुचत नसे.

दुपारी फिजा मागच्या वाटेने आली, पडवीतून आत हमीदभाईंचं खोकणं ऐकलं आणि आल्या पावली परतली. हमीदभाईंनी खिडकीतून पाहिलं आणि हाक मारली, "ये ना गो! माजी काय अडचण?" आणि मग माणसाने काय करावं? बायका याव्यात म्हणून ते स्वतः पडवीत प्लास्टिकची खुर्ची टाकून बसायला लागले. येणारीला आग्रहाने बसवायचे, जन्नतला चहा टाकायला सांगायचे आणि दम्मामच्या उन्हाळ्याची गोष्ट सांगायचे. बायका डोक्यावरून ओढणी घट्ट ओढून, मान खाली घालून चहा प्यायच्या. कप विसळून ठेवायच्या आणि जायच्या. एक दिवस मीही होते. हमीदभाई टँकरचा पाइप कसा फुटला ते सांगत होते आणि चार बाया मयताला बसल्यासारख्या बसल्या होत्या. मला हसू यावं की रडू, ते कळेना. दोन आठवड्यांत पडवी रिकामी झाली.

"नर्सबाई, आमच्याकडं कोन येत नाय आता," ते मला म्हणाले. "जन्नतनं कोनाला दुखवलान काय?"

बायकोचं मन कुठं रमत नाही, हे त्यांच्या लक्षात आलं होतं. त्यावर त्यांनी आपल्या परीने उपाय केले. स्कूटरवरून तिला आरे-वारेला नेलं. भेळ खाऊ घातली, वाळूत बसवलं आणि विचारलं, "मजा आली?" ती म्हणाली, "आली." मोठा टीव्ही घेतला. शेवटी त्यांच्या डोक्यात आलं की हिला मागची पडवी आवडते, तर ती पडवीच छान करून टाकू. जुना कोबा उखडला, पांढऱ्या चकचकीत लाद्या बसवल्या, ग्रिल लावलं, सोफा आणून टाकला. काम पुरं झालं त्या दिवशी मला बोलावून दाखवलं. तोंडावर असा आनंद की बघवत नव्हता. जन्नत दारात उभी होती. कोळंबीचं पाणी सांडायला, कांद्याची सालं टाकायला, भिंतीला टेकून पाय पसरायला तिथं आता इंचभर जागा राहिली नव्हती. "कशी हाय?" त्यांनी विचारलं. "बेस हाय," जन्नत म्हणाली आणि आत गेली. तिथं ओट्यापाशी उभी राहून ती रडली, आवाज न करता. मी पाणी प्यायच्या निमित्ताने गेले म्हणून मला दिसलं.

त्यानंतर तिची झोप उडाली. जेवण तुटलं. प्रेशर चढलं ते उतरेना. हमीदभाई तिला घेऊन रत्नागिरीत दोन डॉक्टरांकडे जाऊन आले. रक्त झालं, सोनोग्राफी झाली, छातीची पट्टी काढून झाली. निघालं काहीच नाही. शेवटी एका सकाळी ते माझ्या अंगणात येऊन बसले. डोळे लाल झालेले.

"नर्सबाई, तिला काय झालाय तुमाला ठाव असंल. सगळा तर हाय घरात. काय कमी पडतंय ता तरी सांगा. मी आनतो."

मला मऊ बोलता येत नाही, ती कला माझ्या अंगात नाही. मी म्हटलं, "काय कमी नाही, हमीदभाई. जास्त झालंय."

"काय जास्त झालाय?"

"तुम्ही. तुम्ही दुपारचे घरी असता ना, ते झालंय तिला."

मग मी सगळं सांगितलं. पडवी, बायका, जोहर ते असर. ते ऐकत राहिले. त्यांना राग येईल, ते मला हाकलतील, असं वाटलं होतं. तसं झालं असतं तर बरं झालं असतं. ते फक्त म्हणाले, "इतकी वर्सं मना वाटत व्हता, ती एकटीच बसलेली असंल."

"नव्हती."

"मग बरा झाला," ते म्हणाले. थोड्या वेळाने विचारलं, "पन मी कुठं जाव, नर्सबाई? माजा घर हाय ना ता?"

मी आत जाऊन चहा टाकला.

दुसऱ्या दिवसापासून हमीदभाई जोहरच्या नमाजेला गेले की घरी येईनासे झाले. आधी जेटीवर बसायचे. तिथं जाळी सांधणाऱ्या पोरांनी 'चाचा, काय काम हाय' म्हणून विचारलं, तेव्हा एसटी स्टँडवर जाऊन बसायला लागले. तिथंही रोज बसणाऱ्या माणसाकडे लोक बघतात. मग आरे-वारेच्या रस्त्यावर झालेल्या एका नव्या हॉटेलात त्यांनी दुपारची वॉचमनची नोकरी धरली. काम काय, तर मुंबई-पुण्याच्या गाड्या आल्या की शिट्टी वाजवून मागे-पुढे करायला लावायच्या. निळा शर्ट, डोक्यावर टोपी, बसायला स्टूल. ज्याने घरात दोन बाथरूम लाद्यांनी मढवले तो माणूस उन्हात उभा राहून दुसऱ्याच्या गाडीला वाट दाखवू लागला.

जन्नतला त्यांनी खरं कारण सांगितलं नाही. मलाही बजावलं, "तिला बोलू नका. तिला वायट वाटंल." घरी सांगितलं ते एवढंच की बसून बसून हाडं धरलीत. मोहल्ल्याने आपला अर्थ काढला. पैसे उडवले, झुबेर विचारत नाही, घरात पटत नाही. टपरीवरचे लोक तोंडावर सलाम ठोकायला लागले, 'काय सिक्युरिटी!' जन्नतला ते ऐकून मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. ती भांडली, "मी काय तुमाला दोन येळचा घालत नाय? कशाला माजी अब्रू काढताव?" त्यांनी ऐकून घेतलं आणि शिट्टी खिशात टाकून निघाले. मला तेव्हा वाटायचं, हा माणूस एकदा तरी ओरडू दे.

आणि पडवी परत भरली. आधी फिजा आली, मग बाकीच्या. सोफा भिंतीकडे सरकवला, लाद्यांवर गोणपाट अंथरलं आणि कोळंबीचं पातेलं मध्ये आलं. महिन्याभरात जन्नतचं प्रेशर खाली आलं. तिच्या गोळीचा डोस मी डॉक्टरांना विचारून अर्धा केला. औषध लागू पडलं म्हणून मला आनंद व्हायला हवा होता.

परवाची गोष्ट. पडवीत आम्ही सात-आठ जणी होतो. हॉटेलच्या गाड्यांचा विषय निघाला आणि फिजा म्हणाली, "भाभी, भाईंचा दाखीव ना." जन्नत नको नको म्हणत उठली. कुणाची तरी ओढणी डोक्याला टोपीसारखी गुंडाळली, तोंडात बोट घालून शिट्टी मारली आणि हात हलवत, पोट पुढे काढून, "लेफ्ट, लेफ्ट, साब, आनू दे, आनू दे," करत लादीवरून मागे मागे चालायला लागली. मग कुणीतरी हातावर दहा रुपये ठेवल्यासारखं दाखवून तिने कडक सलाम ठोकला. मी जन्नतला नकला करताना पहिल्यांदाच पाहिलं. हुबेहूब. सगुणा तर गोणपाटावर आडवीच झाली. माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. जन्नत स्वतःही इतकी हसत होती की भिंतीला धरून उभी राहिली, चेहरा लालबुंद, केस सुटलेले. एवढी सुरेख बाई आहे ती, हे माझ्या त्याच दिवशी लक्षात आलं.

आणि स्वयंपाकघराच्या दारात हमीदभाई उभे होते. किती वेळ उभे होते कोण जाणे. निळा शर्ट घामाने भिजलेला, हातात पाण्याचा तांब्या. कपाळ बघूनच मला कळलं की अंगात ताप आहे. तेही हसत होते. खरंच सांगते, बायकोकडे बघून तोंडभर हसत होते.

तेवढ्यात फिजाने पाहिलं. पडवीतला आवाज एकदम थांबला. ओढण्या डोक्यांवर गेल्या, पातेलं उचललं गेलं, सगुणा उठून टोपली शोधायला लागली. जन्नत डोक्याची ओढणी सोडत तशीच उभी राहिली, तोंड पांढरंफटक. हमीदभाईंनी तांब्या ओट्यावर ठेवला.

"बसा, बसा," ते म्हणाले. "मी पानी प्यायाला आल्तो. चाललो."

जन्नत त्यांच्या मागे पुढच्या दारापर्यंत धावली. "अंग तापलाय तुमचा. पडा जरा घरात." त्यांनी मान हलवली. "ड्युटी हाय," म्हणाले आणि उन्हात स्कूटर चालू करून गेले. जन्नत परत आली. बायका तशाच उभ्या होत्या, जावं की बसावं या विचारात. तिने स्कूटरचा आवाज लांब जाईपर्यंत वाट पाहिली. मग पातेलं मध्ये ओढलं आणि खाली बसली. हळूहळू बाकीच्याही बसल्या. कुणी गेलं नाही.

संध्याकाळी मी तापाच्या गोळ्या घेऊन हॉटेलवर गेले. ते स्टुलावर बसले होते, टोपी मांडीवर. मी दोन गोळ्या हातात ठेवल्या आणि म्हटलं, रिकाम्या पोटी घेऊ नका. त्यांनी गोळ्या खिशात टाकल्या.

"ती हसते तवा अशी दिसते, मना ठावच नव्हता," ते म्हणाले. "आमच्या लग्नाचे फोटो हायत, त्यात पन अशी नाय."

जन्मभर ज्या गोष्टीसाठी वाळवंटात टँकर चालवला ती गोष्ट या माणसाने आज घोटभर पाणी पिताना पाहिली, आणि त्याच्या नुसत्या दिसण्याने ती मोडली. याच्यावर कुठल्या पुस्तकात उपाय लिहिलाय मला ठाऊक नाही. मला कुणाचा तरी भयंकर राग येत होता आणि समोर राग काढण्यासारखं कुणीच नव्हतं.

एक गाडी आली. ते उठले, शिट्टी वाजवली, गाडी लावून दिली आणि परत येऊन स्टुलावर बसले. मग माझ्याकडे न बघता त्यांनी विचारलं, "नर्सबाई, उद्या ताप उतरला नाय नि लवकर सुटलो, तर घरी कवा गेलो तर चालंल? असरच्या अजानीनंतर?"

स्वतःच्या घरी जायची वेळ तो माणूस मला विचारत होता.

"अजानीनंतर थोडं थांबून जा," मी म्हटलं. "त्यांना आवरायला वेळ लागतो."